मुदतपूर्व बदलीचा आदेश आलाय? मॅटमध्ये जाण्याआधी आणि गेल्यावर काय करायचं

बदलीविरुद्ध दाद मागता येते हे ऑफिसात सगळ्यांना माहीत असतं. कुठे मागायची, किती दिवसांत आणि कशाच्या जोरावर, ही विचारपूस मात्र आदेश हातात पडल्यावर सुरू होते. तोवर साहेबांनी कार्यमुक्तीचं, म्हणजे जुन्या पदावरून मोकळं करण्याचं, पत्र टाइपला दिलेलं असतं. मी राज्य शासनात गट-क मध्ये आहे. माझी स्वतःची मुदतपूर्व बदली मी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात नेली होती. नंतर संघटनेच्या कामामुळे सहकाऱ्यांचीही बरीच प्रकरणं जवळून पाहिली. मी वकील नाही, त्यामुळे हा लेख वकिलाच्या जागी वापरू नका. वकिलाकडे जाताना हातात काय हवं आणि डोक्यात काय स्पष्ट हवं, तेवढं इथे सांगतो.

एक गोष्ट आधीच मनाशी पक्की करा. न्यायाधिकरण तुमच्या घरची अडचण ऐकून घेतं, पण निकाल देतं तो बदलीच्या नस्तीत (फाइलमध्ये) काय लिहिलंय आणि काय लिहायचं राहून गेलंय यावर. पुढच्या सगळ्या पायऱ्या त्या नस्तीपर्यंत पोहोचण्यासाठी आहेत.

१. आदेश वाचा, पेन्सिल घेऊन

आदेश बहुतेक वेळा व्हॉट्सॲपवर आधी येतो आणि कागदावर नंतर. पीडीएफ जपून ठेवा आणि ती कधी, कोणाकडून आली याचा स्क्रीनशॉट घ्या. मग या जागा शोधून खुणा करा.

- आदेशाची तारीख, आणि आत मान्यतेची तारीख दिली असेल तर तीही.
- सही कोणाची आणि ‘मान्यतेने’ हा शब्द कोणाच्या नावापुढे आहे.
- २००५ च्या बदली कायद्यातल्या (तो पुढे मुद्दा ४ मध्ये येतो) कलमाचा उल्लेख. ‘कलम ४(४) व ४(५) मधील तरतुदीनुसार’ असं लिहिलं असेल तर बदली मुदतपूर्व किंवा मध्यावधी आहे हे शासनानेच कबूल केलंय.
- कारण म्हणून ‘प्रशासकीय कारणास्तव’ लिहिलंय, ‘विनंतीवरून’ लिहिलंय की काहीच नाही.
- तुम्हाला दिलेलं पद रिक्त आहे का, आणि तुमच्या जागी कोणाला आणलंय.

‘विनंतीवरून’ या शब्दाला फार जण फसतात. कधीतरी पूर्वी तुम्ही दुसऱ्याच ठिकाणासाठी विनंती अर्ज दिलेला असतो, तो नस्तीत पडून असतो, आणि त्याच्या आधारे तुम्हाला तिसरीकडेच पाठवून वर ‘विनंती’चा शिक्का मारला जातो. यात बदलीचा प्रवासभत्ता जातोच, शिवाय ‘यांनीच मागितली होती’ हा बचाव शासनाला आयता मिळतो. असं झालं असेल तर त्याच दिवशी लेखी कळवा की या ठिकाणासाठी मी विनंती केलेली नाही.

२. कार्यमुक्तीचा प्रश्न पहिल्याच दिवशी सोडवा

खरी लढाई इथेच जिंकली किंवा हरली जाते, म्हणून हा भाग सावकाश वाचा.

तुम्ही अजून जुन्या पदावर असाल तर न्यायाधिकरणाला ‘जैसे थे’ ठेवायला सांगणं सोपं जातं. तुमच्या जागी दुसरा माणूस येऊन कार्यभार घेऊन बसला की तेच अवघड होतं. पहिल्याच तारखेला शासनाची बाजू मांडणारे सादरकर्ते अधिकारी उठतात आणि सांगतात की नवीन कर्मचारी काल मध्यान्हापूर्वी रुजू झाले, आता अंतरिम आदेशात राहिलं काय? त्यामुळे आदेश आला त्या दिवसापासून अर्ज दाखल होईपर्यंतचा वेळ जपून वापरायचा. पुढच्या आठवड्यात बघू म्हणून चालत नाही.

कार्यमुक्त केलेलं नसेल तर रोज वेळेवर ऑफिसला जा, हजेरी लावा आणि काम करत राहा. आदेश घ्यायला नकार देऊ नका. नकार दिला की तो ई-मेलवर किंवा घराच्या दाराला चिकटवून बजावतात, आणि ‘आदेश टाळणारा कर्मचारी’ अशी नोंद मात्र राहून जाते. कपाटाच्या किल्ल्या, रोकडवही किंवा नोंदवह्या अडवून ठेवणं तर अजिबात नको. ते सरळ गैरवर्तनात मोजलं जातं आणि तुमच्या चांगल्या मुद्द्यावर पाणी पडतं.

आजारी रजेचा मार्ग सगळेच सुचवतात. खरंच आजारी असाल तर रजा घ्या. आदेशाच्या दुसऱ्याच दिवशीचं वैद्यकीय प्रमाणपत्र बघून कार्यालय तुम्हाला वैद्यकीय मंडळाकडे पाठवू शकतं. शिवाय रजेवर असताना एकतर्फी कार्यमुक्तीचं पत्र निघतंच, आणि ते निघाल्याचं तुम्हाला उशिरा कळतं.

कार्यमुक्त केलं असेल तर? मग रुजू व्हा. १९८९ च्या गुजरात विद्युत मंडळ विरुद्ध आत्माराम पोशानी या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट सांगून ठेवलंय. सुरतहून उकाईला बदली झालेला कर्मचारी निवेदनं देत राहिला, पण रुजू झाला नाही. त्याची नोकरी गेली आणि सर्वोच्च न्यायालयानेही ती वाचवली नाही. निवेदन प्रलंबित आहे किंवा अर्ज दाखल केलाय एवढ्यावर बदली थांबत नाही, ती थांबते फक्त स्थगितीने. रुजू झाल्यामुळे दाद मागायचा हक्क जात नाही. रुजू अहवालात एक ओळ घाला: ‘बदली आदेशाविरुद्ध दाद मागण्याचा माझा हक्क अबाधित ठेवून रुजू होत आहे.’ अहवालाची पोच घ्या.

३. तुमचं प्रकरण कुठे चालतं ते ठरवा

चुकीच्या दारात गेलात तर हाती ‘अधिकारक्षेत्र नाही’ एवढाच आदेश येतो, आणि तोवर जागा भरली जाते.

राज्य शासनाचे कर्मचारी मॅटमध्ये जातात. ते मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे बसतं. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ खाली तुमचा ‘मूळ अर्ज’ दाखल होतो. पोलिसांचं न्यायाधिकरणही हेच, पण त्यांच्या बदल्यांना महाराष्ट्र पोलीस अधिनियमाचं कलम २२-न आणि पोलीस आस्थापना मंडळाच्या तरतुदी लागू होतात. पदावधीची गणितं तिथे वेगळी आहेत, त्यामुळे खालचा २००५ चा कायदा जसाच्या तसा लावू नका.

जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि शिक्षक मॅटमध्ये येत नाहीत. त्यांना उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करावी लागते. शिक्षकांच्या ऑनलाइन बदल्या २७ फेब्रुवारी २०१७ च्या शासन निर्णयाच्या चौकटीत सुरू झाल्या. तिथे भांडण बहुतेक वेळा संवर्ग चुकीचा धरला, सेवाज्येष्ठता चुकीची मोजली किंवा कुणी खोट्या प्रमाणपत्रावर सूट घेतली यावर असतं. धोरणात तक्रारीची किंवा अपिलाची पायरी दिली असेल तर आधी ती वापरा. ती ओलांडून आलात तर उच्च न्यायालय परत पाठवतं.

केंद्र शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे कॅट. राष्ट्रीयीकृत बँकांचे अधिकारी सामान्यतः उच्च न्यायालयात जातात. महामंडळं आणि सार्वजनिक उपक्रमांमधल्या कामगारांसाठी आणखी एक रस्ता आहे. १९७१ च्या महाराष्ट्रातल्या कामगार संघटना मान्यता आणि अनुचित प्रथा प्रतिबंधक कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत, धोरणाच्या नावाखाली दुष्ट हेतूने केलेली बदली ही अनुचित प्रथा म्हणून नोंदलेली आहे. त्याची तक्रार औद्योगिक न्यायालयात ९० दिवसांत करायची असते. तुमचा उपक्रम आणि तुमचं पद त्यात बसतं का, हे कामगार कायद्याच्या वकिलाकडूनच तपासून घ्या. नव्या कामगार संहितांमुळे तर हे जास्तच गरजेचं झालंय.

४. २००५ चा कायदा स्वतः वाचा

लांबलचक नावाचा हा कायदा, ‘महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, २००५’, ऑफिसात फक्त ‘बदली कायदा’ म्हणून ओळखला जातो. त्याची बदल्यांबद्दलची कलमं मोजकीच आहेत. अर्ध्या तासात वाचून होतील. वकिलाला विचारायचे निम्मे प्रश्न त्यातच सुटतात.

कलम ३ पदावधी ठरवतं. गट अ, ब आणि क साठी एका पदावर सामान्यपणे ३ वर्षं. बिगर-सचिवालयीन गट-क कर्मचाऱ्याची त्या कार्यालयातून किंवा विभागातून बदली दोन पूर्ण पदावधी झाल्यावर करायची असते. म्हणजे ‘तुमची तीन वर्षं झाली, उचला बोचकं’ हे तुमच्या बाबतीत खरं असेलच असं नाही. गट-ड ला ठरावीक पदावधी नाही. त्यांना मुख्यालयाबाहेर हलवायचं तर विनंती, आपसी बदली किंवा गंभीर स्वरूपाची सबळ तक्रार असं काही लागतं.

कलम ४(१) सांगतं की पदावधी पूर्ण झाल्याशिवाय सामान्यपणे बदली करू नये. बदलीस पात्र कर्मचाऱ्यांची यादी जानेवारीत करायची आणि बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल-मे मध्ये. शासन कधी ही मुदत पुढे ढकलतं. २०२० मध्ये कोरोनामुळे ती पावसाळ्यात गेली होती.

आता पळवाटा. कलम ४(४) च्या परंतुकाखाली, म्हणजे त्याला जोडलेल्या अपवादाखाली, वर्षात केव्हाही बदली करता येते. एकतर पद नव्याने निर्माण झालेलं किंवा निवृत्ती, पदोन्नती अशा कारणाने रिकामं झालेलं हवं, नाहीतर अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारण हवं. यातल्या दुसऱ्या प्रकारात कारण लेखी नोंदवावं लागतं आणि वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते. कलम ४(५) पदावधी संपण्याआधीच्या बदलीबद्दल आहे. तिथेही ‘विशेष प्रकरणी’, कारणं लेखी नोंदवून आणि कलम ६ च्या तक्त्यातल्या लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याच्या पूर्वमान्यतेने, असे तीन अडसर आहेत.

बहुतेक चांगली प्रकरणं या तीन अडसरांवरच उभी राहतात. अराजपत्रित गट-ब आणि गट-क साठी सक्षम प्राधिकारी म्हणजे विभागप्रमुख. त्यामुळे मुदतपूर्व बदलीला मंत्र्यांची मान्यता आधी लागते. जिथे मंत्रीच सक्षम प्राधिकारी आहेत तिथे प्रकरण मुख्यमंत्र्यांपर्यंत जायला हवं. नंतर घेतलेली ‘कार्योत्तर मंजुरी’ ही पूर्वमान्यता नव्हे. अधिकार कोणी कोणाला सोपवलेत हे विभागाच्या शासन निर्णयात असतं, तो शोधून काढा.

याशिवाय दोन कागद पाठ असू द्या. ३१ जानेवारी २०१४ चा, बदल्यांची शिफारस करणाऱ्या नागरी सेवा मंडळांबद्दलचा शासन निर्णय हा पहिला. २०१३ च्या टी. एस. आर. सुब्रमणियन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने निर्देश दिले, त्यानंतर तो आला. दुसरा सामान्य प्रशासन विभागाचं ११ फेब्रुवारी २०१५ चं परिपत्रक. पदावधी न झालेल्या कर्मचाऱ्याविरुद्ध तक्रार आली तर केवळ तक्रारीवर बदली करायची नाही, आधी वस्तुस्थिती तपासायची, असं त्यात सांगितलंय. तक्रारीवरून बदली झालेल्या प्रत्येकाने त्याची प्रत अर्जाला जोडावी.

५. तुमच्या मुद्द्यात दम आहे का, हे प्रामाणिकपणे तपासा

न्यायालयांची मूळ भूमिका आपल्या बाजूची नाही. १९९१ च्या शिल्पी बोस निकालापासून ती ठरलेली आहे. बदली हा सेवेचा भाग आहे, एका जागी राहायचा हक्क कोणालाच नाही, आणि बंधनकारक नियमाचा भंग किंवा दुष्ट हेतू असल्याशिवाय हस्तक्षेप नाही. १९९३ च्या एस. एल. अब्बास निकालात असंही म्हटलंय की बदलीची मार्गदर्शक तत्त्वं म्हणजे अंमलात आणता येईल असा हक्क नव्हे. महाराष्ट्रातल्या राज्य कर्मचाऱ्यांना तत्त्वांच्या पलीकडे जाऊन कायदाच मिळालाय, म्हणून आपली बाजू इतरांपेक्षा भक्कम आहे. केंद्राच्या आणि बँकेच्या मित्रांनी ही तुलना जरा जपून करावी.

जे टिकतं: पदावधी अपुरा आणि लेखी विशेष कारण नाही. कारण आहे पण ते ‘प्रशासकीय निकड’ एवढ्या दोन शब्दांचं. मुंबई उच्च न्यायालयाने २०१३ च्या किशोर म्हस्के प्रकरणात सांगितलंय की अशी बदली कायद्याची चौकट काटेकोर पाळून, सकारण आदेशानेच व्हायला हवी. याखेरीज, पूर्वमान्यता नाही किंवा चुकीच्या प्राधिकाऱ्याची. नागरी सेवा मंडळापुढे प्रस्ताव गेलाच नाही. संवर्गाबाहेरच्या किंवा खालच्या दर्जाच्या पदावर पाठवणं.

शिक्षेऐवजी केलेली बदलीही टिकत नाही. २००९ च्या सोमेश तिवारी प्रकरणात भोपाळच्या केंद्रीय उत्पादन शुल्क अधिकाऱ्याला निनावी तक्रारीनंतर थेट शिलाँगला पाठवलं होतं. चौकशीत तक्रारीत तथ्य निघालं नव्हतं. सर्वोच्च न्यायालयाने ती बदली टिकू दिली नाही. २०२० मध्ये पंजाब अँड सिंध बँकेच्या प्रकरणात गैरव्यवहार उघड करणाऱ्या आणि लैंगिक छळाची तक्रार करणाऱ्या महिला अधिकाऱ्याची बदली रद्द झाली. तिला इंदूरहून जिथे पाठवलं होतं, ती शाखा तिच्या दर्जाच्या अधिकाऱ्यासाठी नव्हतीच. असे ठोस तपशील मांडता आले तरच दुष्ट हेतूचा आरोप करा. ‘साहेबांचा माझ्यावर राग आहे’ यावर आजवर काही मिळालेलं मी पाहिलेलं नाही. आरोप करायचाच असेल तर त्या व्यक्तीला नावाने प्रतिवादी करावं लागतं. तिला उत्तर द्यायची संधी मिळते, आणि प्रकरण लांबतं. नियमभंग स्पष्ट असताना दुष्ट हेतूचा मुद्दा उगाच अर्जात कोंबू नये, असं माझं मत आहे.

एकटं उभं राहत नाही असं: मुलांची शाळा, आईवडिलांचं आजारपण, पती-पत्नी एकत्रीकरण. हे मुद्दे निवेदनात जरूर घाला आणि अर्जात शेवटी ठेवा. दिव्यांग कर्मचाऱ्यांची गोष्ट वेगळी आहे. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ च्या कलम २०(५) मध्ये त्यांच्या बदल्यांच्या धोरणाचा उल्लेख आहे. केंद्रात दिव्यांग पाल्याची काळजी घेणाऱ्या कर्मचाऱ्याला नेहमीच्या बदलीतून सूट देणारं ६ जून २०१४ चं कार्यालयीन ज्ञापन आहे. निवडणूक आयोगाच्या निर्देशांवरून झालेल्या बदल्यांत स्थगिती मिळणं फार कठीण. तिथे पैसे घालवण्याआधी दोनदा विचार करा.

आणि शिफारसपत्रं! आपली बदली आमदारांच्या पत्रावरून झाली असं म्हणत लोक तावातावाने येतात. नस्ती उघडली की त्यांच्यासाठी दुसऱ्या आमदारांनी दिलेलं पत्रही तिथेच निघतं. महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ च्या नियम २३ नुसार बाहेरून असं वजन आणणं हेच गैरवर्तन आहे. आदेश रद्द करून घ्यायला नेत्याचं पत्र आणायचा मोह होतो, तो आवरा. ते पत्र सादरकर्त्या अधिकाऱ्यांच्या हातात जातं.

६. कागद जमवा आणि निवेदन द्या

वकिलाकडे जाताना ही पिशवी तयार हवी:

- बदली आदेश, आणि असेल तर कार्यमुक्तीचा आदेश.
- सध्याच्या पदावरचा नियुक्ती किंवा बदली आदेश आणि रुजू अहवाल. पदावधी याच तारखेपासून मोजला जातो.
- सेवापुस्तकातल्या पदस्थापनांच्या पानांच्या प्रती.
- बदलीपात्र कर्मचाऱ्यांची यादी आणि समुपदेशनाची सूचना. तुमचं नाव यादीत नसेल तर त्याला वेगळं महत्त्व आहे.
- आधी दिलेले विनंती अर्ज, सगळेच, गैरसोयीचेसुद्धा.
- तक्रार झाली असेल तर त्याबाबतची नोटीस, तुमचा खुलासा आणि चौकशीचा निष्कर्ष.
- शेवटच्या काही वर्षांचे गोपनीय अहवाल. ‘काम असमाधानकारक’ असं कारण दिलं असेल तर हे कामी येतात.
- तुमच्याच संवर्गात जास्त काळ एका जागी असलेल्यांची आणि जवळच्या रिक्त पदांची माहिती.

निवेदन एका पानाचं करा. पदावर रुजू झाल्याची तारीख, किती काळ झाला, कोणत्या कलमाचा भंग, काय हवंय. घरची अडचण एका परिच्छेदात. आवक क्रमांक आणि तारखेसह पोच घ्या, ई-मेलनेही पाठवा. १९८५ च्या कायद्यात उपलब्ध उपाय आधी वापरावेत अशी अपेक्षा आहे. बदलीच्या प्रकरणात निकड असेल तर निवेदनाच्या उत्तराची वाट बघत बसायचं नसतं, हे वकील तुम्हाला सांगतीलच. दाद मागायची मुदत एक वर्षाची आहे. पण बदलीच्या बाबतीत तिच्या भरवशावर राहणं म्हणजे जागा सोडून दिल्यासारखंच.

त्याच दिवशी माहिती अधिकाराचा अर्ज टाका. १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, आणि मागणी नेमकी: बदलीच्या नस्तीतला टिप्पणी भाग आणि पत्रव्यवहार भाग, नागरी सेवा मंडळाचं इतिवृत्त, पूर्वमान्यतेची प्रत, तुमच्याविरुद्धच्या तक्रारींच्या प्रती, आलेली शिफारसपत्रं. शिवाय ‘नस्तीचं अवलोकन करू द्यावं’ हेही लिहा. ३० दिवसांनी आलेलं उत्तर अंतरिम आदेशाला उपयोगी पडत नाही, पण अंतिम सुनावणीला पडतं. कार्यालय ई-ऑफिसवर असेल तर प्रत्येक टिप्पणीची तारीख आणि वेळ छापून येते. मान्यता आधी की आदेश आधी, हा वाद मग उरत नाही.

७. अर्ज दाखल करताना

सेवाविषयक प्रकरणं रोज चालवणारा वकील निवडा. तालुक्याच्या कोर्टात नावाजलेला दिवाणी वकील इथे उपयोगाचा नाही. फी एकरकमी की तारखेवर, उच्च न्यायालयात जावं लागलं तर वेगळी का, हे आधी विचारून घ्या.

अर्जाचा मसुदा वाचल्याशिवाय सही करू नका. विशेषतः तीन गोष्टी बघा. तुमच्या जागी आलेल्या व्यक्तीला प्रतिवादी केलंय का? तिला ऐकल्याशिवाय तिच्या विरोधात जाणारा आदेश मिळणं अवघड, आणि हे राहून गेलं की पहिली तारीख दुरुस्तीतच जाते. दुसरं, तुम्ही कार्यमुक्त झालात की नाही हे खरं लिहिलंय का? ‘अजून कार्यभार सोडलेला नाही’ असं लिहून सही केली आणि समोरून तुमच्याच सहीचं कार्यभार हस्तांतरण प्रमाणपत्र आलं, तर पुढचं काही कोणी ऐकत नाही. तिसरं, मागण्यांमध्ये आदेश रद्द करणं, मूळ पदावर पुनर्स्थापना, मधल्या काळाचं नियमन आणि मूळ नस्ती मागवणं, हे सगळं आहे का.

अंतरिम आदेशासाठी समोरच्यांना अर्जाची प्रत देऊन ऐकावं लागतं. फार निकड असेल तर न्यायाधिकरण ते बाजूला ठेवून आदेश देऊ शकतं, पण तसा एकतर्फी आदेश १४ दिवसांचाच असतो. तारीख वहीत लिहा आणि पुढची सुनावणी त्याआधी लागते का बघा. आदेश मिळाला की प्रमाणित प्रतीची वाट न बघता वकिलाच्या पत्रासह तो कार्यालयाला, नियंत्रण अधिकाऱ्याला आणि तुमच्या जागी येणाऱ्याला पोचवा. मे महिन्याच्या बदल्या नेमक्या उन्हाळी सुटीच्या तोंडावर येतात. सुटीकालीन पीठ कोणत्या दिवशी बसतं हे आदेश येण्याआधीच विचारून ठेवलेलं बरं.

८. नस्ती उघडते तेव्हा

शासनाचं प्रतिज्ञापत्र येतं. त्यात पहिल्यांदाच नवी कारणं दिसतात: कामात दिरंगाई, जनतेच्या तक्रारी, कार्यालयीन शिस्त. ही कारणं आदेशाच्या वेळी नस्तीत होती का, हा एकच प्रश्न धरून ठेवा. मागाहून प्रतिज्ञापत्रात घातलेल्या कारणांनी मूळ आदेश दुरुस्त होत नाही.

नस्ती आली तर वकिलाबरोबर बसून बघा. प्रस्तावाचा तक्ता साधारण असा असतो: अनुक्रमांक, नाव, सध्याचं पद, रुजू दिनांक, मागितलेलं ठिकाण, एका रकान्यात ‘मा. लोकप्रतिनिधींची शिफारस’, आणि शेवटी मंडळाची शिफारस. त्या शेवटच्या रकान्यात सगळ्याच नावांपुढे एकच वाक्य वरून खाली चिकटवलेलं दिसलं, की कारणांचा विचार कोणी केला नाही हे वेगळं सिद्ध करावं लागत नाही. मंडळाच्या इतिवृत्तावर सह्या आहेत का, बैठक झाली की कागद नुसता फिरवला, मान्यतेच्या सहीखाली तारीख आहे का, तुमच्या रुजू होण्याची तारीख बरोबर लिहिलीय का, हे बघा. चुकीच्या रुजू तारखेमुळे ‘पदावधी पूर्ण’ ठरवलेली माणसं मी पाहिलीत. मुद्दे लिहून वकिलाला द्या. रोज पन्नास प्रकरणं बघणाऱ्या माणसाला तुमच्या कार्यालयातल्या बारीक गोष्टी कळायचं कारण नाही.

९. निकाल आणि त्यानंतर

तीन प्रकार होतात. अर्ज फेटाळला जातो. आदेश रद्द होतो. किंवा ‘निवेदनावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या’ असं सांगून प्रकरण निकाली निघतं. हा तिसरा प्रकार वाटतो तितका वाईट नसतो, कारण त्या वेळी जवळचं एखादं रिक्त पद दाखवून देता आलं तर तडजोड होते.

मॅटच्या निकालाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे रिट करता येते. १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून हे ठरलंय. तुम्ही जिंकलात तर शासनही तिकडे जाऊ शकतं, आणि त्यासाठी काही आठवडे स्थगिती मागतं. आदेश रद्द होऊनही रुजू करून घेत नसतील तर न्यायाधिकरणाला कलम १७ खाली अवमानाची कारवाई करता येते. वकिलाची एक नोटीस गेली की बहुतेक वेळा काम होतं.

सुनावणी लवकर मागा, कारण घड्याळ तुमच्या विरुद्ध चालतं. प्रकरण रेंगाळलं आणि पुढच्या मे मध्ये तुमचा पदावधी खरंच पूर्ण झाला, तर नवा आदेश निघतो आणि जुना अर्ज निष्फळ ठरतो.

परत रुजू झालात की आस्थापना शाखेचा पिच्छा सोडू नका. कार्यमुक्ती ते पुन्हा रुजू या मधल्या काळाचं काय, हे निकालात लिहिलेलं नसेल तर स्वतंत्र अर्ज द्या आणि तो काळ कर्तव्यकाळ म्हणून नियमित करून घ्या. अंतिम वेतन प्रमाणपत्र दोन कार्यालयांच्या मध्ये अडकलेलं असतं, ते परत मागवा. सेवापुस्तकात रद्द झालेल्या बदलीची नोंद निकालाच्या क्रमांकासह लाल शाईने रद्द झाली का, हे स्वतः पान उघडून बघा आणि त्या पानाची साक्षांकित प्रत घरी ठेवा. निवृत्तिवेतनाची कागदपत्रं करताना हा खंड महालेखापाल कार्यालयाच्या आक्षेपात वर येतो. तोवर निकालाची प्रत कोणत्या कपाटात गेली, हे कार्यालयात सांगणारं कोणी उरलेलं नसतं.